जड पावलांचा गडी

आधी पाऊस पडतो. लांबवर चर्चची घंटा वाजते, ढग गडगडतात, आणि अर्धं मिनिट उलटून गेल्यावर तो आत येतो. त्याचं सगळं बोलणं तीन स्वरांचं. पांढरी पाचचा षड्ज, त्यावरचा तार षड्ज, तिथून खाली येऊन तीव्र मध्यम. आणि त्या मध्यमावर स्वर थरथरवत तो उभा राहतो. पुढचं पाऊल टाकायला इतका वेळ लावतो की रेकॉर्ड अडकली की काय, अशी शंका यावी. अडकलेली नसते. हा गडी चालतोच तसा.

हा गडी म्हणजे ब्लॅक सॅबथ या इंग्लिश बँडचा आवाज. आवाज म्हणजे गायकाचा गळा नव्हे. गायक बरेच झाले. गिटार, बेस आणि ड्रम एकत्र वाजले की त्यातून एक अंग तयार होतं, त्याला वजन असतं, चाल असते, खोडी असतात. त्याच्याबद्दल मी बोलतोय. बँडमधली माणसं आली, भांडली, गेली, परत आली, कोर्टाच्या पायऱ्या चढली. १९७० ते २०१३ या काळात त्यांचे १९ स्टुडिओ अल्बम निघाले आणि त्या सगळ्यांत हजर असलेला माणूस एकच, गिटारवाला टोनी आयोमी. पण आयोमी म्हणजे हा गडी, असंही नाही. आयोमीने त्याला बऱ्याचदा नवे कपडे घालायचा प्रयत्न केला आणि गड्याने ते दर वेळी अंगावर ठेवलेच असं नाही.

त्याच्यावर पहिल्या दिवसापासून एक आळ आहे, सैतानाशी संगनमत केल्याचा. षड्ज आणि तीव्र मध्यम यांच्यातल्या अंतराला युरोपच्या संगीतशास्त्रात सैतानाचं नाव चिकटलेलं आहे. त्यात बँडचं नाव बोरिस कार्लॉफच्या एका भयपटावरून घेतलेलं, आणि पहिला अल्बम बाजारात आला तोही १३ फेब्रुवारी १९७० रोजी, शुक्रवारी. तिकडच्या लोकांना यापेक्षा जास्त पुरावा लागत नाही. आपल्या कानाला मात्र हा खटला उभा राहताना दिसत नाही. तीव्र मध्यम म्हणजे आपल्याकडे यमन, पूरिया, मारवा. दिवस कलल्यावरची हुरहूर. मारव्यात तर पंचम वर्ज्यच आणि षड्जावरही गायक सहजी टेकत नाही, ते अस्वस्थपण आपण शंभर वेळा ऐकलेलं असतं. त्यामुळे हा गडी मला कधी भुतासारखा वाटला नाही. दिवेलागणीला कुणीतरी दारात येऊन उभं राहावं आणि काय काम आहे ते सांगूच नये, तसा वाटला. भीती त्यातही आहे, पण ती माणसाची आहे.

त्याचा जन्म ॲस्टनचा. बर्मिंगहॅममधली ही कामगारवस्ती, महायुद्धातल्या बॉम्बनी पडलेल्या जागा तेव्हाही तशाच असलेली. चौघंही पोरं तिथलीच. गायक ऑझी ऑस्बर्नने कत्तलखान्यात काम केलेलं, बेस वाजवणारा गीझर बटलर हिशेबनिसाच्या उमेदवारीत, आयोमी पत्र्याच्या कारखान्यात. १९६५ साल, आयोमी १७ वर्षांचा. एका बँडबरोबर परदेशी दौऱ्यावर जायचं ठरलेलं, म्हणून नोकरी सोडलेली, आणि तो शेवटचा दिवस. दुपारी जेवायला घरी आला तेव्हा परत जायची इच्छा नव्हती. आई म्हणाली, धरलेलं काम पुरं करून ये. एक कामगार आला नव्हता, त्याच्या जागी याला पत्रा दाबायच्या यंत्रावर बसवलं. यंत्र खाली आलं आणि उजव्या हाताच्या मधल्या बोटाची आणि अनामिकेची टोकं गेली. आयोमी डावखुरा, म्हणजे गिटारच्या तारा दाबायचा हात उजवा. नेमका तोच.

डॉक्टरांनी सांगितलं, गिटार विसर. कारखान्यातला एक वरिष्ठ मात्र घरी आला, येताना एक रेकॉर्ड घेऊन आला आणि ऐक म्हणाला. गिटारवाला होता जँगो राइनहार्ट, आगीत डाव्या हाताची दोन बोटं निकामी झाल्यावर उरलेल्या बोटांवर अख्खं आयुष्य वाजवणारा. पोराच्या डोक्यात प्रकाश पडला. त्याने भांडी घासायच्या साबणाची प्लास्टिकची बाटली वितळवली, त्याचा गोळा केला, तापलेल्या सोल्डरिंगच्या सळईने त्याला बोट जाईल एवढं भोक पाडलं आणि सँडपेपरने घासत घासत तो बोटावर बसवला. नुसतं प्लास्टिक तारेवरून घसरे, म्हणून जुन्या जॅकेटचं चामडं कापून त्याच्या टोकाला चिकटवलं. शिवणकामाच्या अंगुस्तानासारख्या या दोन टोप्या घालून तो पुढची सहा दशकं वाजवत राहिला.

या टोप्यांना तारेचा स्पर्श कळत नाही. किती दाबलं ते बोट सांगत नाही, कान सांगतो. जाड तारा ओढता येत नाहीत, म्हणून आयोमीने वरच्या तारांसाठी बँजोच्या बारीक तारा लावल्या. सगळी बोटं पसरून धरायचे भरगच्च कॉर्ड अवघड जातात, म्हणून दोन बोटांत मावणाऱ्या कॉर्डवर भर दिला: षड्ज आणि पंचम. गंधार गाळला. ही युक्ती त्याने शोधली नाही, आधीही लोक वापरत, पण त्याने तिच्यावर बिऱ्हाड केलं. गंधार गेला की तो शुद्ध की कोमल, मामला आनंदाचा की दुःखाचा, हा प्रश्नच मिटतो. शिवाय अँप्लिफायर फाटेस्तोवर वाढवला असताना गंधार घातला तर स्वरांचा चिखल होतो. नुसते सा आणि प ठेवले तर दोघं घट्ट बसतात आणि न वाजवलेला एक खर्ज षड्जाच्या सप्तकभर खाली आपोआप उमटतो. गड्याच्या अंगात जे वजन आहे ते असं आलेलं आहे. सैतान त्यात कुठेच नाही. एक कारखाना आहे आणि एक साबणाची बाटली.

मोठ्याने बोलायची सवयही पोटापाण्यातून लागली. हे चौघं सुरुवातीला पबमध्ये ब्लूज वाजवत आणि समोरचे लोक बिअर पीत गप्पा मारत. आवाज वाढवला की गप्पा थांबत. मग वाढवतच गेले.

पहिला अल्बम ऑक्टोबर १९६९ मध्ये लंडनच्या रीजंट साउंड स्टुडिओत एका दिवसात ध्वनिमुद्रित झाला. पबमध्ये जसं वाजवायचे तसंच उभं राहून वाजवलं आणि आवरून पुढच्या कार्यक्रमाला गेले. पाऊस आणि घंटा निर्माता रॉजर बेनने मागाहून घातली. आयोमीच्या गिटारचा पिकअप त्याच दिवशी बिघडला आणि त्याने जवळची दुसरी गिटार, गिब्सन एसजी, उचलली. पुढे तीच त्याची ओळख झाली. या अल्बममध्ये गडी अजून पोरसवदा आहे. अधूनमधून ब्लूजच्या ओळखीच्या गल्लीत शिरतो, लांबलचक बडबडतो. पण चाल त्याची आत्ताच ठरली आहे, आणि ती ठरवण्यात बिल वॉर्डचा वाटा लोक विसरतात. हा ड्रमर जॅझवर वाढलेला. तो ताल बडवत नाही, झुलवतो. गीझर बटलर मुळात गिटारवाला, बेसकडे नंतर वळलेला, म्हणून गिटारच्या खाली तो निमूटपणे षड्ज धरून बसत नाही. आयोमीच्या पाठोपाठ सगळी वळणं घेतो, तारा ओढून मींड काढतो. त्यामुळे वजन क्विंटलचं असूनही गड्याच्या गुडघ्यांत लवचीकपणा आहे. पुढे त्याची नक्कल करणाऱ्या शेकडो बँडना वजन जमलं, गुडघे जमले नाहीत.

१९७० च्याच सप्टेंबरात ‘पॅरानॉइड’ आला आणि गडी बोलायला लागला. आता त्याच्याजवळ सांगण्यासारखं होतं: युद्ध, अणुबॉम्ब, हेरॉइन. शब्द बहुतेक बटलरचे. ‘वॉर पिग्ज’मध्ये गडी एकदा आवाज करतो आणि गप्प होतो, त्या मोकळ्या जागेत ऑझी एकटा ओरडतो आणि मागे फक्त झांजेची टिकटिक. शांतता हेही वजनच असतं हे त्याला वयाच्या पहिल्याच वर्षी कळलं. ‘आयर्न मॅन’मध्ये गिटार जे वाजवते तेच ऑझी गातो, स्वराला स्वर लावून. ऑझीचा गळा काही फार फिरणारा नाही, पण गड्याच्या खांद्याला खांदा लावून चालायला त्याच्याइतका योग्य सोबती पुन्हा मिळाला नाही. अल्बमचं शीर्षकगीत तर भरतीचं. दोनतीन मिनिटं कमी पडत होती, म्हणून काही मिनिटांत रचलेलं. तेच सगळ्यात जास्त गाजलं आणि अल्बम ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेला. अशा गोष्टींचा राग येणाऱ्यांपैकी मी आहे.

आणि मग १९७१ चा ‘मास्टर ऑफ रिअ‍ॅलिटी’. माझ्या मते गड्याची भर जवानी हीच, जेमतेम साडेचौतीस मिनिटांची. आयोमीची बोटं दुखत होती. उपाय म्हणून त्याने तारा ढिल्या केल्या आणि सबंध गिटार तीन पट्ट्या खाली आणली. गिटारची सर्वांत जाड तार एरवी पांढरी तीनला लागते, ती काळी एकवर आली. बटलरनेही बेस तसाच उतरवला. काळी एक ही आपल्याकडच्या कित्येक पुरुष गायकांची नेहमीची पट्टी. तंबोरा जुळवताना कुणी त्यात क्रांती वगैरे पाहत नाही. बर्मिंगहॅमच्या या गड्याच्या बाबतीत मात्र त्या तीन पट्ट्यांनी एक अख्खं घराणं काढलं. ढिली तार दाबली की लगेच थांबत नाही, लोंबकळते, स्वर किंचित खालीवर होतो. त्या ढिलेपणामुळे गड्याच्या आवाजाला पोटातून येणारी गुरगुर आली. ‘इन्टू द व्हॉइड’ ऐकावं. सुरुवातीचा रिफ, म्हणजे पुन्हापुन्हा येणारं गिटारचं वाक्य, इतकं अवजड की ते उचलून पुढे नेताना ड्रमर वाकतोय असा भास होतो. मग मध्येच लय पालटते आणि हाच दांडगा चक्क पळायला लागतो. अल्बमची सुरुवात आयोमीच्या खोकल्याने होते. गांजाचा झुरका घेतल्यावर आलेला खरा खोकला, तो टेपवर पकडून सुरुवातीला फिरवून फिरवून लावलाय. आणि याच अल्बममध्ये ‘सॉलिट्यूड’ नावाचं हळवं गाणं आहे, त्यात आयोमी बासरी वाजवतो. गड्याचं हे रूप त्याच्या चाहत्यांना ठाऊक असतं, पण चारचौघांत ते सांगत नाहीत.

दुखऱ्या हाताची सोय म्हणून केलेली ही उतरती पट्टी पुढे जगभर मुद्दाम केली जाऊ लागली. सिअ‍ॅटलकडचे मेल्विन्स आणि साउंडगार्डन, कॅलिफोर्नियातले सेंट व्हायटस आणि स्लीप, स्वीडनचे कँडलमास, इंग्लंडचे इलेक्ट्रिक विझर्ड. यांतल्या कुणाचीच बोटं यंत्रात गेलेली नव्हती.

आमच्यापर्यंत गडी पोहोचला तो कॅसेटमधून. एकाच्या कॅसेटवरून दुसऱ्याने, दुसऱ्याच्या वरून तिसऱ्याने उतरवलेली. प्रत्येक उतरवणीत झांजा पुसट होत जायच्या आणि खालचा दणका तेवढा उरायचा. धोबीतलावच्या रंगभवनात रॉकचे कार्यक्रम होत त्या काळात आम्हाला जो ब्लॅक सॅबथ माहीत होता तो मूळ ब्लॅक सॅबथपेक्षाही जाडा होता. पुढे स्वच्छ सीडी मिळाली तेव्हा बिल वॉर्डच्या झांजा पहिल्यांदा धड ऐकल्या आणि गड्याच्या चालीतलं झुलणं उमगलं. तोवर आमच्या लेखी तो नुसता भारी होता.

१९७२ मध्ये पैसा आला आणि गडी अमेरिकेला गेला. लॉस एंजेलिसच्या बेल एअर भागातला भाड्याचा प्रासाद, पोहण्याचा तलाव, आणि पांढऱ्या पावडरीचा पुरवठा. तिथे झालेल्या ‘व्हॉल्यूम फोर’चं नाव आधी ‘स्नोब्लाइंड’ ठेवायचं होतं. कंपनी बिथरली, तेव्हा वेष्टनावर कोक-कोला कंपनीचे आभार मानून या मंडळींनी उट्टं काढलं. प्रासादात पियानो होता. आयोमी त्यावर हात चालवायला शिकला आणि ‘चेंजेस’ जन्मलं: पियानो, मेलोट्रॉन आणि ऑझीचा रडवेला गळा, बस. गडी त्या गाण्यात नाहीच. बाहेर तलावाकाठी बसला असावा. तो परततो ‘सुपरनॉट’मध्ये, आणि त्या गाण्यात त्याची चाल जितकी खुशीत आहे तितकी पुन्हा क्वचित दिसली.

पुढचा अल्बम करायला पुन्हा त्याच प्रासादात गेले, आणि काहीच सुचेना. आयोमीकडून एक रिफ निघेना. शेवटी इंग्लंडला परतून ग्लॉस्टरशरमधला क्लिअरवेल नावाचा जुना किल्ला भाड्याने घेतला, त्याच्या तळघरात वाद्यं मांडली, आणि तिथल्या ओलीत, काळोखात ‘सॅबथ ब्लडी सॅबथ’चा रिफ आला. गड्याला ऊन मानवत नव्हतं एवढाच अर्थ मी त्यातून काढतो. १९७३ च्या या अल्बममध्ये तो पहिल्यांदा नटला. सिंथेसायझर आले, व्हायोलिनांचा ताफा आला, यस बँडचा रिक वेकमन येऊन एका गाण्यात कीबोर्ड वाजवून गेला आणि मोबदल्यात पैशांऐवजी बिअर घेतली असं सांगतात. हा साज त्याला शोभला, कारण आतलं हाड शाबूत होतं. शीर्षकगीताच्या शेवटी गडी सगळे दागिने उतरवून जे खाली बसतो, त्याहून जड काही या बँडने तोवर केलं नव्हतं.

१९७५ चा ‘सॅबोटाज’ म्हणजे चिडलेला गडी. जुन्या मॅनेजरशी कज्जे चालू होते आणि वकिलांचे कागद थेट स्टुडिओत येऊन पडत. शेवटच्या गाण्याचं नावच ‘द रिट’. ‘सिम्प्टम ऑफ द युनिव्हर्स’मध्ये तो एकाच स्वरावर असा दातओठ खाऊन ठोके देतो की दहा वर्षांनी आलेल्या थ्रॅश मेटलवाल्यांची सगळी बाराखडी तिथे सापडते. आणि ते गाणं संपता संपता अचानक साध्या गिटारवर, बागेत फिरायला गेल्यासारखं मोकळं होतं. एका गाण्यात इंग्लिश चेंबर क्वायर हा गायकवृंद आहे, हार्प आहे. रागात माणसं विचित्र वागतात. पण त्या रागानेच अल्बम उभा धरलाय.

मग राग ओसरला आणि पोकळी आली. १९७६ ला मायामीत ‘टेक्निकल एक्स्टसी’ करताना शेजारच्या खोलीत ईगल्स ‘हॉटेल कॅलिफोर्निया’ ध्वनिमुद्रित करत होते. भिंतीतून या गड्याचा आवाज त्यांच्या टेपवर येई म्हणून त्यांना काम थांबवावं लागे, असा किस्सा आहे. गंमत अशी की भिंतीपलीकडे त्रास देण्याइतका तो मोठा होता, पण स्वतःच्या अल्बममध्ये सापडत नाही. जो तो त्याला वेगळं काही व्हायला सांगत होता. दोन वर्षांनी ‘नेव्हर से डाय’ टोरांटोच्या हिवाळ्यात झाला. ऑझी मध्ये बँड सोडून गेला, परत आला, एक गाणं गायला नकार दिला, ते वॉर्डने गायलं. एका तुकड्यात तर ब्रासचा ताफा आहे आणि गडी पाहुण्यासारखा कोपऱ्यात. दौऱ्यात आधी वाजवायला ठेवलेला तरणाबांड व्हॅन हेलन बँड रोज रात्री सगळी वाहवा घेऊन जाई. १९७९ मध्ये ऑझीला काढलं. निरोप सांगायचं काम वॉर्डवर आलं.

इथे गड्याची कहाणी संपली असती तर कुणाला नवल वाटलं नसतं. पण आला रॉनी जेम्स डिओ, अंगाने लहान, गळ्याने प्रचंड. ऑझी गड्याच्या बरोबरीने चालत असे. डिओ त्याला आडवा जातो. रिफ एक सांगतोय, गाणं भलत्याच दिशेने वर चढतंय. आता गड्याला स्वतःहून बाजूला सरावं लागलं, आणि त्याने ते शिकून घेतलं. १९८० च्या ‘हेवन अँड हेल’चं शीर्षकगीत ऐकताना कडव्याकडे लक्ष द्यावं: गिटार जवळजवळ गप्प, बटलरचा बेस एकाच चालीवर धडधडतोय, आणि वर डिओ एखाद्या कीर्तनकाराच्या अधिकाराने आख्यान लावतोय. रिफ परततो तेव्हा त्याला दरवाजा उघडून दिल्यासारखा मान मिळतो. निर्माता मार्टिन बर्चने आवाजावरचं मळभही पुसलं. जुन्या चाहत्यांतली कट्टर मंडळी या काळाला सॅबथ मानत नाहीत. त्यांच्याशी मी वाद घालत नाही, त्यांना ‘चिल्ड्रन ऑफ द सी’ ऐकवतो. दारूने खचलेला बिल वॉर्ड या अल्बमनंतर दौऱ्यातून निघून गेला. व्हिनी अपीस आला, नेमका आणि दणकट. झुलणं कमी झालं.

‘मॉब रूल्स’नंतर डिओही भांडून गेला, आणि गडी बिऱ्हाडं बदलत फिरू लागला. १९८३ ला डीप पर्पलचा इयन गिलन आला. ‘बॉर्न अगेन’चं मिक्सिंग असं गढूळ की गडी पोत्यातून बोलतोय, आणि दौऱ्यासाठी केलेला स्टोनहेंजचा देखावा बहुतेक रंगमंचांवर मावेना. १९८६ चा ‘सेव्हन्थ स्टार’ हा तर आयोमीचा स्वतःचा अल्बम व्हायचा होता, कंपनीने त्यावर जुनं नाव चिकटवलं. मग टोनी मार्टिन, पुन्हा बर्मिंगहॅमचाच गायक, पाच अल्बम इमानेइतबारे गायला आणि पाहुण्यासारखाच वागवला गेला. त्यातल्या ‘हेडलेस क्रॉस’मध्ये कोझी पॉवेलच्या ड्रमवर गडी राजवाड्यात आल्यासारखा दुमदुमतो; मला आवडतो, पण तिथे तो दरबारी पोशाखात आहे. १९९२ ला डिओ परतला आणि ‘डीह्यूमनायझर’मध्ये जुना निबरपणा चेहऱ्यावर आला. १९९५ चा ‘फॉरबिडन’ बॉडी काउंटच्या अर्नी सीच्या हाती दिला, एका गाण्यात आइस-टीला बोलावलं, आणि गड्याने त्यात जीव घातला नाही. आयोमीलाही ते सलत असावं. तब्बल २९ वर्षांनी त्याने तो अल्बम स्वतः नव्याने मिक्स करून काढला.

‘फॉरबिडन’नंतर ऑझी परतला, मैफली झाल्या, आणि २०१३ मध्ये ‘थर्टीन’ आला. निर्माता रिक रुबिनने या वयस्क मंडळींना बसवून त्यांचाच पहिला अल्बम ऐकवला आणि असं वाजवा म्हणाला. आयोमीला लिम्फोमा झालेला, उपचारांच्या मधल्या दिवसांत तो वाजवत होता. करारावरून फिसकटल्याने बिल वॉर्ड नव्हता, त्याच्या जागी रेज अगेन्स्ट द मशीनचा ब्रॅड विल्क. अल्बम अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेला, बँडच्या आयुष्यात प्रथमच, आणि ब्रिटनमध्ये ‘पॅरानॉइड’नंतर ४३ वर्षांनी. रिफ खरोखर चांगले आहेत. अडचण अशी की गडी इथे स्वतःची नक्कल करतोय. पहिलं गाणं जुन्या पहिल्या गाण्याच्या सांगाड्यावर, ‘झाइटगाइस्ट’ हे ‘प्लॅनेट कॅराव्हॅन’च्या, आणि शेवटी पुन्हा पाऊस, पुन्हा घंटा. त्यात ध्वनी इतका दाबून चेपलेला की मोकळी जागाच नाही, आणि मोकळ्या जागेशिवाय त्याचं वजन कळत नाही. विल्क ठोका चुकवत नाही. चुकवायला हवा होता, निदान वॉर्ड चुकवायचा तसा.

५ जुलै २०२५ रोजी ॲस्टनच्याच व्हिला पार्क मैदानावर मूळचे चौघं शेवटचे एकत्र आले, बिल वॉर्डसकट. ऑझीला पार्किन्सन्सने उभं राहता येत नव्हतं, तो सिंहासनासारख्या खुर्चीत बसून गायला आणि १७ दिवसांनी, २२ जुलैला, गेला. व्हिला पार्कवरच्या त्या संध्याकाळी त्यांनी मिळून चार गाणी वाजवली: ‘वॉर पिग्ज’, ‘एन.आय.बी.’, ‘आयर्न मॅन’, ‘पॅरानॉइड’. चारही १९७० ची. म्हणजे काळी एक नाही, किल्ल्याचं तळघर नाही, वकिलांवरचा राग नाही. वयाच्या पहिल्या वर्षात जे बोलला तेवढंच बोलून गडी मंचावरून उतरला. आजारी माणसाला झेपतील आणि चाळीस हजार लोकांना पाठ असतील अशीच गाणी निवडणार, हे मला समजतं. वॉर्डचे हात थकलेले होते, ठोके इकडेतिकडे पडत होते, आणि इतक्या वर्षांनी गड्याचे गुडघे पुन्हा लवत होते. अशा वेळी ‘इन्टू द व्हॉइड’ न वाजवता त्यांनी शेवट केला तो त्या भरतीच्या गाण्याने, याबद्दलची माझी तक्रार मात्र कायम आहे.